विचारल्याशिवाय झालेली बदली

माझी बदली व्हायच्या आधी सरकारचीच बदली झाली, आणि तीही दोनदा. छप्पन सालच्या पावसाळ्यात मी शाळेत रुजू झाले तेव्हा आमचा यवतमाळ जिल्हा मध्य प्रदेशात होता. दिवाळीच्या सुमारास आम्ही मुंबई राज्यात गेलो. साठ साली महाराष्ट्रात आलो. मग जनपद सभा गेली, जिल्हा परिषद आली. या सगळ्या काळात मी मात्र दारव्हा तालुक्यातल्या त्याच एका खोलीच्या शाळेत, त्याच एक हात तुटलेल्या खुर्चीवर होते. शाळेचा शिक्का तेवढा बदलत गेला. माझी आई शेजारणींना सांगायची, "सरकार हालते, पन माही पोरगी काही हालत नाई."

घरात आम्ही दोघीच होतो. वडील गेले होते आणि माझं लग्न झालेलं नव्हतं. का झालेलं नव्हतं, ते इथं सांगायचं कारण नाही. गावात एकटी बाई मास्तरीण म्हणून राहते, तेव्हा लोक आधी तिची मान कुठे वळते ते बघतात आणि नंतर तिचा धडा. मी मान सरळ ठेवली आणि धडा जोरात शिकवला. वर्षा-दोन वर्षांत गाव माझ्याकडे बघायचं थांबलं. मला तेच हवं होतं.

गावापासून पाऊण कोसावर बंजाऱ्यांचा तांडा होता. पूर्वी हे लोक बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून मुलूखभर फिरायचे. आता ते तिथंच स्थिरावून थोडी स्वतःची शेती करायचे आणि उरलेले दिवस गावातल्या मोठ्या शेतकऱ्यांच्या वावरात जायचे. तांड्यावरच्या पोरी पावसाळ्यात शाळेत यायच्या. दिवाळीनंतर कापसाची वेचणी सुरू झाली की सगळ्या गायब. आईबरोबर पहाटेच कापसाच्या पराटीत शिरायच्या त्या दिवस मावळेपर्यंत. होळीला परत यायच्या तोवर निम्मं विसरलेल्या असायच्या. चार वर्षं मी हे पाहिलं आणि मग माझं डोकं फिरलं.

मी तांड्याच्या नायकाकडे गेले. नायक म्हणजे तांड्याचा प्रमुख. उंच, पांढऱ्या मिशांचा, कमी बोलणारा म्हातारा. त्याला म्हटलं, पोरी शाळेत येत नसतील तर शाळा पोरींकडे येईल. वेचणीच्या दिवसांत मी फटफटायच्या आधी निघून तांड्यावर येईन, तुमच्या ओसरीत शिकवीन, ऊन अंगणात उतरलं की पोरी वावरात जातील. मी परत जाऊन अकराची शाळा भरवीन. त्यानं बराच वेळ मिशीवरून हात फिरवला आणि म्हणाला, "तुले थंडी नाई वाजत का, बाई?" मी म्हटलं, वाजते. तो म्हणाला, "मंग चहा आमच्याकडं."

अशी ती शाळा सुरू झाली. बाया चुलीपाशी भाकरी थापायच्या आणि पोरी तिथंच पाढे म्हणायच्या. शाळा तपासायला येणाऱ्या साहेबांना मी सांगितलं, त्यांनी मान डोलावली. ती टिकली. तिसऱ्या हिवाळ्यात त्यातल्या काही पोरी चौथीला होत्या. त्या तांड्यातून तोवर कोणीही चौथी पास झालेलं नव्हतं.

त्याच ओसरीसमोर मी तांड्याचा न्याय पाहिला. त्याला ते नसाब म्हणत. एका विधवेच्या बकरीनं कोणाची तरी तूर खाल्ली होती. बकरीला तुरीतून हाकलताना अर्ध्या तांड्यानं पाहिलं होतं, मीसुद्धा. तरी सगळे कडुनिंबाखाली गोल बसले. ज्याची तूर गेली त्याला नायकानं त्या बाईच्या समोर उभं केलं आणि तक्रार पुन्हा पहिल्यापासून बोलायला लावली. मग बाईकडे वळून विचारलं, "तोन कांई केणो छ?" तुला काही म्हणायचं आहे का? ती बाई कितीतरी वेळ काही बोलेना. कोणी उठलं नाही, कोणी घाई केली नाही. शेवटी तिनं जे सांगायचं ते सांगितलं आणि मग दंड ठरला. दोघांनी एकाच ढेकळाचा गूळ खाल्ला. तिथली रीतच होती, गूळ खाल्ला की वाद संपला.

मी नायकाला नंतर म्हटलं, "सगळ्यायले माहीत होतं, मंग एवढा वेळ कायले घालवला?"

तो म्हणाला, "दंड तं तिनं तसाबी भरला असता. पन मंग जन्मभर म्हनली असती, मले कोनी विचारलंच नाई."

हे मी ऐकलं आणि विसरूनही गेले.

गावात एक पाटील होते. तालुक्यात पराटीचं रान त्यांचंच मोठं, आणि नवीन पंचायत समिती आली तेव्हा ते तिचे सदस्यही झाले. माणूस वाईट नव्हता. शाळेच्या कौलांना त्यांनीच बैलगाडी दिली होती. पण कापसाच्या बाबतीत ते कोणाचं ऐकत नसत. सकाळच्या दवात बोंडाभोवतीचा पाला ओलसर असतो, तो चुरत नाही, कापूस स्वच्छ निघतो. ऊन चढलं की पाला कुरकुरीत होऊन कापसात मिसळतो आणि बाजारात भाव पडतो. त्यांच्या वेचणाऱ्या पोरी माझ्यामुळे दव वाळल्यावर पोचत होत्या आणि पोरींसाठी त्यांच्या आयाही थांबत होत्या.

ते एक दिवस शाळेच्या दारात उभे राहिले.

"बाई, सरकारी शाळा कितीले भरते?"

"अकराले."

"मंग सकाळी तांड्यावर काय करून राह्यल्या?"

"शाळाच. जास्तीची."

"जास्तीचं कायले करता?"

"पाटील, अकराले त्या पोरी तुमच्या वावरात असतात. मले त्या कुठंतरी सापडल्या पाह्यजेत ना."

त्यांना हसू आलं नाही. "पाहून घेऊ," म्हणाले आणि गेले.

संक्रांत तोंडावर असताना बदलीचा हुकूम आला. घाटंजीकडच्या एका खेड्यात, जिल्ह्याच्या पार दुसऱ्या टोकाला. कारण लिहिलं होतं, प्रशासकीय सोय. शेजारच्या गावचे मास्तर चार्ज घ्यायला आले. घंटा, फळा, नकाशा आणि ती तुटकी खुर्ची ताब्यात घेताना बिचाऱ्यांना माझ्याकडे बघवत नव्हतं. मी चार्ज देऊन टाकला. हुकूम मोडला असता तर ते पाटलांच्या पथ्यावरच पडलं असतं, एवढं मला कळत होतं.

बदली मला नवीन नव्हती. नोकरीत बदली होतेच. पण ती उन्हाळ्यात होते, परीक्षा झाल्यावर, चार जणांची एकदम होते. भर हिवाळ्यात एकट्या बाईला उचललं की लोक कारण शोधतात. आई विहिरीवर गेली होती, ती रिकामी घागर घेऊन परत आली. ओट्यावर बसली. मग म्हणाली, "लोक म्हनून राह्यले, बाई अंधारात तांड्यावर जात होती म्हनून सायबानं हालवली."

मला असा संताप आला की हातातलं भांडं मी आपटून ठेवलं. सहा-सात वर्षं ताठ ठेवलेली मान एका कागदानं खाली घातली होती. मी घाटंजीला गेले असते तर ते बोलणं माझ्याआधी तिथं पोचलं असतं. खेड्यात शिकवणाऱ्या बाईजवळ दुसरं असतं काय? नाव जातं, मग पोरी येत नाहीत, मग शाळाही जाते. मी आईला म्हटलं, सामान बांधू नको.

नव्या जागी रुजू व्हायला सरकार मधले काही दिवस देतं, बिऱ्हाड हलवता यावं म्हणून. माझं बिऱ्हाड ते केवढं! ते दिवस मी दुसऱ्या कामाला लावले. दारव्ह्याहून छोट्या रेल्वेत बसले. ती गाडी इतकी सावकाश जायची की प्रवासी उतरून बोरं गोळा करून पुन्हा चढायचे. लोहाऱ्याची झाडं दिसायला लागली तेव्हा मी काय बोलायचं ते मनात घोकत होते, आणि यवतमाळ येईपर्यंत सगळं विसरले. मावशीकडे उतरले आणि सकाळी शिक्षण खात्याच्या कचेरीत जाऊन बाकावर बसले.

हुकूम काढणारे शिक्षणाधिकारी साहेब दौऱ्यावर होते. दुसऱ्या दिवशी बैठकीत होते. तिसऱ्या खेपेला बडे बाबू, म्हणजे तिथले मुख्य कारकून, माझ्याजवळ आले. मध्य प्रदेशाच्या काळातला माणूस, निम्मं हिंदीतच बोलायचा. "देखो बाई, बदली म्हणजे सजा नसते. क्यूं वक्त बरबाद करता? जाऊन रुजू व्हा, दोन-तीन सालांनी वापस आणू."

"सजा नाही ना?" मी म्हटलं. "मग गावाला ती सजा का वाटून राह्यली?"

"गाववालों का हम क्या करें?"

"मग साहेबांना भेटू द्या." आणि मी पुन्हा बाकावर बसले. शिपायानं मला पाणी आणून दिलं. मला वाटतं, बाकावरून मी उठावं म्हणूनच अखेर साहेबांनी आत बोलावलं.

साहेब तरुण होते, दमलेले दिसत होते. टेबलावर कागदांचा ढीग. त्यांनी वर न बघता सांगितलं, "बाई, बदली ही नोकरीची अटच आहे."

"मान्य आहे साहेब. मी उद्याच्या गाडीनं घाटंजीला जाते. फक्त एक करा. माझ्याविरुद्ध काही तक्रार नाही, एवढं एका ओळीत लिहून द्या."

त्यांनी मान वर केली. फाईल उघडली, वाचली, मिटली. "तसं देता येणार नाही."

"म्हणजे तक्रार आहे."

त्यांनी फाईल बाजूला सरकवली.

"तक्रारीवरून हलवलं तर ती शिक्षा झाली, साहेब. शिक्षा द्यायची तर आधी विचारतात. मला कोणी विचारलं?" माझा आवाज चढला होता. चढू दिला. "चोराला विचारतात. तांड्यात बकरीनं तूर खाल्ली तर बकरीच्या मालकिणीला विचारतात. मी तर सरकारची नोकर आहे."

"हे कुठे शिकलात?"

"तांड्यात."

मग मी त्यांना नसाबची सगळी हकिगत सांगितली. कशी सांगितली ते आज आठवत नाही. त्यांनी पेन खाली ठेवलं होतं एवढं आठवतं. शेवटी म्हणाले, "बाजाराच्या दिवशी मी दारव्ह्याला पंचायत समितीत येतो आहे. तक्रारदारांनाही बोलावतो. तोवर रुजू होऊ नका."

मी गावी आले आणि आईला सांगितलं. आईनं ते तांड्यावर सांगितलं. तिथं घोटाळा झाला. तांड्यानं समज करून घेतला की दारव्ह्याला नसाब आहे.

बाजाराच्या दिवशी मी पंचायत समितीच्या आवारात पोचले तेव्हा तिथं आधीच बैलगाड्या सुटलेल्या होत्या. नायक, म्हातारे आणि आरशांच्या काचोळ्या घातलेल्या पंधरा-वीस बाया कडुनिंबाखाली गोल बसल्या होत्या. मध्ये घोंगडी अंथरलेली. एका बाजूला पाटलांसाठी जागा मोकळी सोडलेली, तिच्यासमोर माझी. घोंगडीवर फडक्यात बांधलेलं गुळाचं ढेकूळ. कारकून खिडक्यांत येऊन उभे राहिले होते. आता साहेब चिडणार, बाईनं जमाव आणला असं लिहिणार, आणि माझं होतं नव्हतं तेही जाणार. मी नायकाला म्हटलं, "हे कायले केलं? इथं आतमंदी बोलनं हाये, खोलीत."

तो शांतपणे म्हणाला, "खोलीत काहून? बोलनं गावात झालं ना?"

मी माझ्या जागेवर जाऊन बसले.

साहेब आले. दारातच थांबले. पाटीलही आले होते, ते लगबगीनं आत जायला निघाले. नायक उठला, हात जोडले आणि साहेबांनाही तेच म्हणाला, "बोलनं गावात झालं, मंग खोलीत काहून?" साहेबांनी एकदा त्या मोकळ्या सोडलेल्या जागेकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. मग शिपायाला म्हणाले, "खुर्ची बाहेर आणा."

पाटील उभे राहिले. "आता ते सगळं अर्जात आहेच साहेब."

"अर्ज कागद हाये पाटील," नायक म्हणाला. "तोंडानं बोला."

पाटलांनी शाळेच्या वेळेचं सांगितलं. मी सांगितलं, अकराची शाळा एक दिवस चुकलेली नाही, गावाला विचारा. साहेबांनी मान हलवली. पाटील बसायला लागले तेव्हा मी उभी राहिले. त्या दिवशी मी ते सोडणार नव्हते. "दुसरंही बोला पाटील. अंधाराचं. माह्यासमोर बोला."

बाहेर बाजाराचा गलका ऐकू येत होता. पाटील जमिनीकडे बघत म्हणाले, "गावात लोक बोलतात, साहेब."

"कोन बोलते?" नायकानं विचारलं. "त्याले आना. इथं बसवा."

पाटलांनी कोणाचं नाव घेतलं नाही. तेवढ्यात तांड्यातली एक म्हातारी बसल्या जागेवरूनच म्हणाली, "बाई येते तवा चार चुली पेटल्या राह्यते आमच्या. अंधारात झोपाले आम्ही काय पाटील हाओत?"

खिडकीतले कारकून हसले, साहेबांनी तोंडावर रुमाल धरला. पाटील मात्र लाल झाले आणि मग त्यांच्या तोंडून खरं ते निघालं. "माह्या कापसाचं नुकसान झालं साहेब. भाव पडला. ते अंधाराचं अर्ज लिहिनाऱ्यानं जोडलं." अर्ज लिहिणाऱ्यानं स्वतःहून कशाला जोडलं असतं? पण चार गावांसमोर पाटलांनी ते बोलणं आपलं नाही म्हणून सांगितलं, मला तेवढं पुरेसं होतं.

साहेब माझ्याकडे वळले. "बाई, तुमचं काही म्हणणं आहे?"

"आहे," मी म्हटलं. "बदली करा साहेब, कुठंही करा, मी जाईन. पण कोणाच्या बोलण्यावरून मला हलवणार असाल तर त्या माणसाला आधी माझ्यासमोर उभं करा. आज केलंत तसं."

साहेबांनी हुकूम मागे घेतल्याचं तिथंच सांगितलं. वेचणाऱ्यांनी वावरात कधी यायचं ते पाटलांनी आणि त्यांनी आपसात ठरवावं, त्यात मास्तरणीला ओढू नये, असंही म्हणाले. नायकानं फडकं सोडलं आणि गुळाचा खडा पुढे केला. पाटलांनी घेतला. मी घेतला. साहेब म्हणाले, "सरकारी माणसाला असं काही घेता येत नाही." नायकानं उरलेला गूळ पुन्हा फडक्यात बांधला. त्याच्या चेहऱ्यावर नाराजी होती. परत येताना बैलगाडीत म्हणाला, "अर्धाच झाला निकाल."

त्या उन्हाळ्यात तांड्यातल्या पोरी चौथी पास झाल्या. निकालाच्या दिवशी त्यांच्या आयांनी मला मध्ये घेऊन असा फेर धरला की माझी चप्पल तुटली. पाटलांनी पेढे पाठवले. ते मी खाल्ले, आईनं खाल्ले नाहीत.

पुढच्या उन्हाळ्यात रीतसर बदल्या निघायच्या होत्या. एकाच शाळेत सगळ्यात जास्त वर्षं मीच होते. साहेबांनी मला यवतमाळला बोलावून घेतलं, या वेळी बाकावर बसवलं नाही. म्हणाले, "घाटंजीकडचीच ती शाळा आहे. तिथं तीन वर्षं कोणी टिकलेलं नाही. हुकूम अजून काढलेला नाही. तुमचं काही म्हणणं आहे का?"

म्हणणं पुष्कळ होतं. आईला प्रवास सोसत नव्हता, नवीन गावात घर मिळायचं होतं, तांड्यावर पुढच्या पोरी तिसरीत आल्या होत्या. पण मी त्या टेबलासमोर उभी होते आणि हुकूम निघण्याआधी सरकार मला विचारत होतं. मला इतकं बरं वाटलं की रडूच आलं असतं. मी म्हटलं, "नाही साहेब. काही म्हणणं नाही."

आई चिडली. "एवढी भांडली, अन् आता म्हनते काही म्हननं नाई?" मी तिला समजावून सांगितलं. तिला पटलं नाही, पण या वेळी तिनं स्वतःच सामान बांधायला घेतलं.

निघायच्या आदल्या संध्याकाळी मी तांड्यावर गेले. सगळे जमले होते, पोरी रडत होत्या. नायकानं ओसरीत मला समोर बसवलं. त्याला वाटत होतं मला पुन्हा कोणी जबरदस्तीनं हलवतंय. मी म्हटलं, नाही, या वेळी विचारलं, मी हो म्हटलं. मग नसाबमध्ये विचारायचा तसंच त्यानं विचारलं, "तोन कांई केणो छ?"

साहेबांसमोर ज्याला मी ताठ मानेनं नाही म्हटलं होतं, तोच हा प्रश्न. मला खूप काही म्हणायचं होतं. एक शब्द फुटेना. कोणी उठलं नाही, कोणी घाई केली नाही. चुली विझायला आल्या तरी ते सगळे माझ्यासाठी तसेच बसून राहिले.